चड्डीचं माप कोण घेतं?

दर उन्हाळ्यात एक रील फिरतं. जर्मनीतलं कुठलंसं तळं, लांबून झूम केलेला थरथरता कॅमेरा, काठावर उघडीवाघडी पहुडलेली माणसं, आणि खाली मराठीत दोन तऱ्हेच्या कमेंट. एक, ‘हीच का यांची प्रगत संस्कृती?’ दुसरी, ‘याला म्हणतात मोकळा समाज, नाहीतर आपण!’ पहिल्या लोकांशी माझं भांडण जुनं आहे आणि त्यात नवं काही उरलेलं नाही. हा लेख दुसऱ्यांसाठी आहे. म्हणजे माझ्याच मित्रमैत्रिणींसाठी, ज्यांना त्या तळ्याकाठी स्त्रीमुक्ती, समता आणि लोकशाही एकदमच टॉवेल पसरून बसलेली दिसते.

कारण नीट बघितलं तर दोन्ही कमेंटींचा पाया एकच आहे. कपडे उतरवण्याला स्वतःचा असा एक नैतिक अर्थ असतो, असं दोघंही धरून चालतात. एकाला तो अधःपात वाटतो, दुसऱ्याला मुक्ती. जर्मनीचा सव्वाशे वर्षांचा अनुभव मात्र सांगतो की असा काही अर्थ नसतो. तिथे तेच उघडं शरीर वंशशुद्धीवाल्यांनी वापरलं, समाजवादी मास्तरांनी वापरलं, नाझींनी आधी बंद केलं आणि मग स्वतःच्या कामाला लावलं, कम्युनिस्ट सरकारने हाकललं आणि मग सोडून दिलं. शरीर तेच, ऊन तेच, तळीही बऱ्याचदा तीच.

जर्मन लोक या प्रकाराला ‘फ्रायक्यॉर्परकुल्टूर’ म्हणतात, शब्दशः मुक्त शरीराची संस्कृती. रोजच्या बोलण्यात ‘एफ-का-का’. एकोणिसाव्या शतकाच्या शेवटी कारखान्यांची धूळ, बर्लिनच्या चाळींमधले एकामागे एक अंधारे चौक, क्षय, मुडदूस आणि छाती आवळणारे कॉर्सेट या सगळ्याला कंटाळलेल्या लोकांनी ‘जीवनसुधारणा’ नावाची एक मोठी, गोंधळलेली चळवळ सुरू केली. त्यात शाकाहार होता, निसर्गोपचार होते, दारू-तंबाखूला विरोध होता, सैल कपडे होते आणि त्याच ओघात कपडेच नकोत म्हणणारेही होते. १९०३ साली ल्यूबेकजवळ क्लिंगबर्ग इथे पाउल त्सिमरमान याने विवस्त्र राहता येईल असं पहिलं कुंपणातलं उद्यान काढलं. ऐकायला गोड आहे सगळं. इथपर्यंतच वाचलं तर माझे मित्र बरोबर ठरतात.

पण या चळवळीचे पहिले लेखक वाचा. हाइनरिश पुडोर हा पहिल्यांतला एक. त्याच्या आडनावाचा लॅटिन अर्थ ‘लाज’, आणि १८९३ साली नग्न माणसाच्या गौरवाचं पुस्तक काढताना त्याने टोपणनावही ‘हाइनरिश शाम’ असं घेतलं. जर्मन ‘शाम’ म्हणजेही लाजच. (कथेत कुणी असं नाव दिलं असतं तर संपादकाने परत पाठवलं असतं.) हाच पुडोर पुढे कडवा ज्यूद्वेष्टा म्हणून पत्रकं छापत राहिला. दुसरा रिशार्ड उंगेविटर. त्याचं ‘नग्नता’ हे पुस्तक १९०६ साली आलं आणि भरपूर खपलं. त्याचा मुद्दा साधा होता. कपड्यांमुळे रोगट, कमअस्सल शरीर झाकलं जातं. सगळे उघडे असतील तर निरोगी जर्मन तरुणाला निरोगी जर्मन तरुणी निवडता येईल आणि वंश सुधारेल. म्हणजे ज्याला आपण मुक्ती म्हणतोय तो त्याच्या दृष्टीने गुरांचा बाजार होता. दात बघायचे, खुरं बघायची, आणि नको ते बाजूला काढायचं.

‘नैसर्गिक’ या शब्दाची मला तेव्हापासून धास्ती आहे. जे नैसर्गिक ते चांगलं असं एकदा म्हटलं की पुढचं वाक्य येतंच, ‘मग जे अनैसर्गिक ते काढून टाका’. काढून काय टाकायचं हे ठरवणारा माणूस त्या वाक्यात कधीच दिसत नाही.

याच उन्हात एक दुसरा माणूसही उभा होता, आणि तो मला आवडतो. आडोल्फ कोख. बर्लिनमधला शिक्षक, समाजवादी. पहिल्या महायुद्धानंतरच्या उपाशी शहरात कामगारांच्या मुलांची वाकलेली हाडं त्याने रोज पाहिली होती. जर्मनीत त्या काळी सूर्यप्रकाश हे औषधच मानलं जात होतं, आणि मुडदुसाच्या बाबतीत ते खरंही होतं. कोखने संगीतावर करायचे विवस्त्र व्यायाम बसवले. त्यावरून वादंग झालं आणि सरकारी शाळेतली नोकरी गेली. मग त्याने स्वतःच्या व्यायामशाळा काढल्या, आधी बर्लिनमध्ये आणि मग इतर शहरांत. तिथे डॉक्टरांची तपासणी असे, व्याख्यानं असत, लैंगिक आरोग्यावर बोललं जाई. १९२९ साली नग्नसंस्कृतीची पहिली आंतरराष्ट्रीय परिषद बर्लिनमध्ये भरली, तिच्यामागेही तोच होता. ज्यांच्याकडे खेड्यात जमीन नाही, तळ्याकाठी बंगला नाही, त्यांना ऊन मिळावं एवढीच मागणी.

आणि तरी कोखच्या बाजूच्या लोकांचं एक लाडकं वाक्य मला पटत नाही: कपडे उतरले की वर्ग उतरतो. कुठे उतरतो? मुडदुसाने वाकलेले पाय उघडेच दिसतात. गिरणीत बारा तास उभ्या राहिलेल्या बाईच्या पोटऱ्यांवरच्या शिरा उघड्याच दिसतात. खरं तर चांगला शिवलेला कोट गरिबाला एखाद्या दिवसापुरता साहेब करू शकतो. कातडी ती सवलत देत नाही. आपल्याकडे जात कशी कपड्यांवरूनच ठरवून दिली जाई, कुणी गुडघ्याखाली नेसायचं नाही आणि कुणी वरचं अंग झाकायचं नाही, हे ज्यांना ठाऊक आहे त्यांना तरी मी हे सांगायला नको. उघडं राहायला लावणं हीसुद्धा शिक्षा असते.

आता मापाकडे येते. १९३२ च्या उन्हाळ्यात प्रशियाचं निवडून आलेलं सरकार बरखास्त करून बर्लिनहून उजव्या विचाराचा कारभार लादला गेला. गृहखातं फ्रान्झ ब्राख्ट याच्याकडे आलं. देशात बेकारांच्या रांगा लागल्या होत्या, रस्त्यावर रोज मारामाऱ्या होत होत्या. ब्राख्टने काय केलं? पोहण्याच्या कपड्यांवर हुकूम काढला. आधी ऑगस्टमध्ये नग्न स्नानावर बंदी आली. मग सप्टेंबरमध्ये सविस्तर तपशील आला: बायकांचा पोशाख समोरून छाती आणि पोट पूर्ण झाकणारा हवा, काखेत घट्ट बसणारा हवा, पाठीवरचा गळा खांद्याच्या पात्यांच्या खाली जाता कामा नये, आणि बायका-पुरुष दोघांच्याही पोशाखाला दोन पायांच्या मधे कापडाचा एक जादा तुकडा शिवलेला हवा. त्या तुकड्याला जर्मनमध्ये ‘त्स्विकेल’ म्हणतात. अख्ख्या देशाने या ‘त्स्विकेल हुकुमा’ची टर उडवली. व्यंगचित्रं निघाली, विनोद झाले.

मला तो हुकूम विनोदी वाटत नाही. सहा महिन्यांच्या आत, ३ मार्च १९३३ ला, गोअरिंगच्या गृहखात्याने नग्नसंस्कृती हा जर्मन संस्कृतीला मोठा धोका असल्याचं जाहीर करून संघटना मोडायला काढल्या. कोखच्या शाळा बंद झाल्या. समाजवादी गट संपवले गेले. ज्यांनी शरण येऊन ज्यूंना बाहेर काढलं आणि नव्या राजवटीच्या नावाने पाटी रंगवली, ते गट मात्र ‘शरीरशिस्ती’च्या बॅनरखाली टिकले. हान्स सुरेन नावाच्या माजी लष्करी अधिकाऱ्याचं ‘माणूस आणि सूर्य’ हे १९२४ चं गाजलेलं पुस्तक १९३६ साली, बर्लिन ऑलिंपिकच्या वर्षी, ‘आर्य-ऑलिंपिक’ असं उपशीर्षक लावून नव्याने बाजारात आलं. आणि १९४२ च्या जुलैमध्ये, युद्ध आणि नरसंहार ऐन भरात असताना, हिमलरच्या पोलिसांनी नियम सैल केला: इतरांच्या नजरेआड असाल तर विवस्त्र पोहायला हरकत नाही. म्हणजे नाझींना नग्नतेचं वावडं नव्हतं. त्यांना हवं होतं ते कोण नग्न होऊ शकतो हे ठरवण्याचं यंत्र. एका बाजूला तळ्याकाठी तेल चोळून उभा असलेला आर्य. दुसऱ्या बाजूला, त्याच राजवटीत, छावणीच्या दारात कपडे काढायला लावलेली माणसं. दोघंही विवस्त्रच. ज्यांना ‘नग्नता म्हणजे मुक्ती’ असं स्टेटस टाकायचंय त्यांनी आधी ही दोन चित्रं शेजारी ठेवून बघावीत.

युद्धानंतर देश दोन झाले आणि गंमत अशी, की या बाबतीत मोकळा झाला तो कम्युनिस्ट पूर्व भाग. अर्थात लगेच नाही. १९५४ साली बाल्टिक किनाऱ्यावर विवस्त्र पोहण्यावर बंदी आली. आरेन्सहोप हे लेखक-कलावंतांचं गाव. तिथे सांस्कृतिक मंत्री, कवी योहानेस बेशर याने किनाऱ्यावर पहुडलेल्या एका बाईला ‘म्हाताऱ्या डुकरिणी, लाज नाही वाटत?’ असं झापलं, आणि ती निघाली कादंबरीकार आना झेगर्स, अशी एक दंतकथा आहे. पुढे सत्कार समारंभात बेशर ‘प्रिय आना’ म्हणाला तेव्हा तिने ‘तुझ्यासाठी म्हातारी डुकरीणच’ असं उत्तर दिलं म्हणतात. खरंखोटं देव जाणे, पण लोकांना ही गोष्ट सांगत राहावीशी वाटली हे महत्त्वाचं. बंदीविरुद्ध तक्रारी झाल्या, लोक ऐकेनात आणि १९५६ साली ठरवून दिलेल्या जागी परवानगी देणारा नियम निघाला. सत्तर-ऐंशीच्या दशकांत तर कुटुंबंच्या कुटुंबं तशी सुट्टीला जात.

आपले लोक इथे लगेच ‘बघा, समाजवाद!’ म्हणतील. थांबा. त्या राज्याने नग्न पोहायला दिलं, पण नग्न पोहणाऱ्यांची संघटना काढू दिली नाही. एकेकटे हवे तितके उघडे व्हा, चार जण मिळून नोंदणी मात्र नको. ज्या देशात सीमा ओलांडणाऱ्यावर गोळी झाडली जाई, त्या देशात अंगावरचा कपडा ही सरकारला परवडणारी स्वस्त मोकळीक होती. त्याच वेळी हेही खरं, की त्या माणसांसाठी ती मोकळीक खोटी नव्हती. लाइपझिगला मी तीन वर्षं शिकत होते, तेव्हाची माझी घरमालकीण सत्तरी ओलांडलेली होती. तिच्या आयुष्यातले किनाऱ्यावरचे ते उन्हाळे सरकारने दिलेले नव्हते, तिने आणि तिच्यासारख्यांनी मिळवलेले होते. तिला सर्वांत जास्त राग होता तो १९९० नंतरचा. एकीकरण झालं, पश्चिमेकडचे पैसेवाले पर्यटक बाल्टिकला आले, हॉटेलं झाली आणि गावोगाव तक्रारी सुरू झाल्या की ही माणसं आमच्या मुलांसमोर अशी काय बसतात. वर्तमानपत्रांनी याला ‘चड्डीयुद्ध’ असं नाव दिलं. पूर्वेकडच्यांचा किनारा आक्रसत कडेला गेला. म्हणजे माप घ्यायला यावेळी पोलीस आले नाहीत, गिऱ्हाईक आलं.

लाइपझिगच्या आसपास खाणींच्या खड्ड्यांत पाणी भरून झालेली तळी आहेत आणि त्यांच्या काठांवर एफकेकेच्या जागा आहेत. सार्वजनिक सॉनात तर पोहण्याचा पोशाख घालून बसूच देत नाहीत. टॉवेल अंगाखाली घ्यायचा, घाम लाकडावर पडता कामा नये, फोन बाहेर ठेवायचा, आवाज करायचा नाही. मला तिथे काय जाणवलं हे प्रामाणिकपणे सांगते. पुण्याच्या बसमध्ये पूर्ण कपड्यांत मला जितकं बघितलं गेलंय, तितकं तिथे कुणी बघितलं नाही. पण याचं श्रेय मी उघडेपणाला देणार नाही. श्रेय त्या नियमांच्या पाटीला आणि पाटी पाळणाऱ्या सवयीला आहे. रोखून बघणं तिथे असभ्य समजलं जातं, आणि ते करणाऱ्याला बाहेर काढतात.

याच तीन वर्षांत, एका मैत्रिणीच्या जर्मन मित्राने मला तळ्यावर सगळ्यांदेखत सुनावलं होतं, की मी स्विमसूट घालून बसले आहे म्हणजे माझ्या डोक्यातून घरचे संस्कार अजून गेलेले नाहीत. त्याच्या आवाजात दया होती. मला आठवतं, मी काही बोलले नाही, पण ओळख पटली. हा आवाज मी ऐकलेला होता. ‘ओढणी नीट घे’ म्हणणाऱ्या काकूंचा आणि ‘ओढणी काढ’ म्हणणाऱ्या या मुक्तात्म्याचा सूर एकच होता. दोघांनाही माझ्या अंगावरच्या कापडाबद्दल माझ्याहून जास्त कळत होतं.

जर्मनीतली सरकारंही अजून त्या कापडापाशीच आहेत. कोब्लेन्झ शहराने नगरपालिकेच्या तलावांत बुर्किनीला, म्हणजे अंगभर पोहण्याच्या पोशाखाला, बंदी घातली. सीरियातून आलेली एक बाई कोर्टात गेली. २०१९ साली वरच्या प्रशासकीय न्यायालयाने ती बंदी थांबवली. कारण मजेशीर होतं: खेळाडूंना सरावासाठी अंगभर रबरी पोशाख चालतो, मग हिलाच का नाही? १९३२ मध्ये कापड कमी पडत होतं, आता जास्त झालं. दुसरीकडे २०२२ मध्ये ग्योटिंगेनने शनिवार-रविवारी बायकांना तलावात वरचं अंग उघडं ठेवायला परवानगी दिली आणि २०२३ मध्ये, एका बाईने भेदभावाची तक्रार केल्यावर, बर्लिननेही तोच नियम सगळ्यांना सारखा लावला. मला या दोन्ही बायकांची मागणी एकच वाटते. ज्यांना त्यातली एक प्रतिगामी आणि दुसरी क्रांतिकारक वाटते, त्यांनी हातातली टेप तपासावी. रोस्टॉकचा नियम आणखी वेगळा आहे. तिथे २०२५ पासून खास एफकेकेसाठी राखलेल्या किनाऱ्यावर कपडे घालून ठाण मांडणाऱ्याला उठवता येतं. वाचून हसू येतं, पण त्यामागचं दुखणं खरं आहे. कपडेवाले येऊन बसतात आणि बघत राहतात.

आणि आता तर सगळ्यांच्या हातात कॅमेरा आहे. जर्मन एफकेके महासंघाने २०२४ साली आपला पंचाहत्तरावा वाढदिवस प्रतिसादाअभावी रद्द केला. पंचवीस वर्षांपूर्वी पासष्ट हजार असलेले सभासद आता चौतीस हजारांच्या आसपास उरलेत. तरुण मुलं येत नाहीत. कारणं अनेक असतील, पण अनोळखी माणसाच्या फोनमध्ये आपण कायमचे जाऊन बसू ही भीती मला अगदी समजते. जुनी माणसं म्हणतात, नवी पिढी सोवळी झाली. मला तसं वाटत नाही. या चळवळीच्या जुन्या मासिकांत कुटुंबांची, लहान मुलांचीसुद्धा छायाचित्रं ‘निरागस’ म्हणून सर्रास छापली जात. त्या मुलांना कुणी विचारलं नव्हतं, आणि ती मासिकं कुणाकुणाच्या हातात जात होती हेही नंतर उघड झालं. आज ते कुणी छापू शकत नाही. हा सोवळेपणा नव्हे, ही उशिरा आलेली अक्कल आहे.

त्या देशाचा मला खरोखर हेवा वाटतो तो दुसऱ्याच एका कायद्यासाठी. १८९८ साली बिस्मार्क वारला तेव्हा दोन छायाचित्रकार रात्री त्याच्या खोलीत घुसले आणि मृतदेहाचा फोटो काढला. त्या प्रकरणावरून वाद होऊन १९०७ मध्ये स्वतःच्या चित्रावर माणसाचा हक्क सांगणारा कायदा झाला. तो आजही लागू आहे. बायकांच्या कपड्यांखालून चोरून फोटो काढणं २०२१ पासून तिथे स्वतंत्र गुन्हा आहे. जे रील तुम्ही मोकळ्या समाजाचा पुरावा म्हणून शेअर करता, त्यातल्या एकाही माणसाने तुम्हाला स्वतःला दाखवायचं ठरवलेलं नव्हतं.

आपला या इतिहासाशी संबंध नाही असं समजू नका. विवस्त्र राहण्यासाठी काढलेली जगातली पहिली नोंदलेली मंडळी जर्मनीत नाही, ठाण्यात निघाली. १८९१ साली चार्ल्स क्रॉफर्ड या इंग्रज सेशन्स जज्जाने. सभासद तीन, तिघंही गोरे. पत्रव्यवहार इंग्लंडच्या एडवर्ड कार्पेंटरशी. वर्षभरात ती विरलीही. जज्जसाहेब नागडे बसले तरी जज्जसाहेबच राहतात. त्यांच्या पट्टेवाल्याने तसंच बसायचं ठरवलं असतं तर त्याच्यापुढे कुठलं कलम आलं असतं, हे मी तुमच्यावर सोडते.

आणि र. धों. कर्वे. १९२७ पासून ‘समाजस्वास्थ्य’च्या मुखपृष्ठावर विवस्त्र चित्रं छापणारा, अश्लीलतेचे खटले अंगावर घेणारा, १९३४ च्या खटल्यात ज्याचं वकीलपत्र डॉ. आंबेडकरांनी घेतलं तो माणूस. युरोपात ही चळवळ ऐन भरात होती तेव्हाच कर्वे मुंबईत एकटे लढत होते. माझा त्यांच्याबद्दलचा आदर कमी होणार नाही. पण त्या मुखपृष्ठांवरचं शरीर बाईचं असे आणि अंक विकत घेणारा हात बहुतेक पुरुषाचा, हे कर्वेभक्तांनी एकदा तरी मोठ्याने म्हणायला हवं. आपण म्हणत नाही, कारण मग सनातन्यांना बळ मिळेल अशी भीती वाटते.

गोव्याचंही तेच. साठ-सत्तरच्या दशकांत हणजुणच्या किनाऱ्यावर युरोपातून, जर्मनीतूनही, हिप्पी आले आणि विवस्त्र राहिले. तिथे होड्या ओढणाऱ्या, जाळी वाळवणाऱ्या माणसांना कुणी विचारलं नव्हतं. आपल्या तळ्यावर इतरांच्या नजरेचे इतके काटेकोर नियम पाळणारी माणसं दुसऱ्याच्या गावात पाहुण्याचा साधा नियम विसरली. त्यांच्यामागोमाग त्यांना बघायला बसगाड्या भरून आपले लोक आले, गळ्यात कॅमेरे अडकवून, महाराष्ट्रातूनसुद्धा. मग किनाऱ्यांवर नग्नतेला बंदी असल्याचे फलक लागले. बघायला येणाऱ्या बसगाड्यांना कुणी फलक लावला नाही. त्या अजून येतात.